मूकपटांच्या काळातल्या विस्मरणात गेलेल्या स्त्रिया : सीमाभागातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यात वाचनालयाच्या कट्ट्यावर किंवा कडोली, उचगाव, येळ्ळूरच्या साहित्य संमेलनांत हा विषय निघाला, की ठरावीक प्रश्न हमखास येतात. काही उत्सुकतेपोटी येतात, तर काही घरातल्या एखाद्या जुन्या फोटोमुळे. त्यांची उत्तरं एके ठिकाणी असावीत म्हणून हे लिहिलं आहे. उत्तरं लहानमोठी आहेत. जिथं सांगण्यासारखं खूप आहे तिथं हात आखडता घेतलेला नाही.

पहिल्या चित्रपटात तर बाईच नव्हती. मग या स्त्रिया आल्या कुठून?

पडद्यावर बाई नव्हती, हे खरं. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले ते अण्णा साळुंके, ग्रँट रोडच्या हॉटेलात काम करणारे. दादासाहेब फाळक्यांनी वर्तमानपत्रात जाहिराती दिल्या, नाचगाण्याच्या वस्तीतही चौकशी केली, पण कुणी बाई तयार झाली नाही. पडद्यामागची गोष्ट मात्र वेगळी आहे. तो चित्रपट ज्या घरात तयार झाला, त्या घरातली बाई पहिल्या दिवसापासून कामाला होती.

म्हणजे सरस्वतीबाई फाळके? त्यांनी दागिने दिले आणि सगळ्यांना जेवू घातलं, एवढंच ना?

हे ‘एवढंच’ पहिल्यांदा काढून टाकू या. दागिने दिले हे खरं, साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक केला हेही खरं. पण सांगणारे तिथंच थांबतात आणि सरस्वतीबाई ‘त्यागमूर्ती पत्नी’ होऊन बसतात. त्यांनी तांत्रिक काम केलं होतं. चित्रपटसृष्टीच्या इतिहासात त्यांची नोंद त्या कामासाठी व्हायला हवी.

परदेशातून येणारी कच्ची फिल्म त्या वेळी छिद्रं न पाडलेली असे. कडेला छिद्रं नसतील तर फिल्म कॅमेऱ्यात पुढं सरकणारच नाही. ती पाडायची अंधारात, कारण उजेड लागला की फिल्म वाया. घरातली माणसं झोपली की सरस्वतीबाई छिद्रं पाडायला बसत. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी असतात आणि प्रत्येक चौकटीला दोन्ही कडांना चार-चार छिद्रं. म्हणजे फुटाला १२८. ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे ३७०० फुटांचा होता. गुणाकार करून बघा, एका प्रतीचीच छिद्रं पावणेपाच लाखांच्या घरात जातात. यंत्र हातानं चालवायचं, मोजमाप बोटांनी चाचपून. एक ओळ तिरकी गेली की पडद्यावर चित्र नाचणार.

फिल्म धुण्याची रसायनंही त्या हाताळत. चित्रीकरणाच्या वेळी पांढरी चादर धरून भर उन्हात तासन्‌तास उभ्या राहात, कारण उन्हाचा उजेड नटांच्या चेहऱ्यावर परतवायला दुसरं साधन नव्हतं. आज ही कामं करणाऱ्यांची नावं चित्रपटाच्या शेवटी पडद्यावर येतात. सरस्वतीबाईंचं आलं नाही.

मग पहिली अभिनेत्री कोण? कुणी दुर्गाबाई कामत म्हणतं, कुणी कमलाबाई गोखले.

दोघीही, आणि त्या मायलेकी होत्या. ‘मोहिनी भस्मासूर’ हा फाळक्यांचा दुसरा चित्रपट, तोही १९१३ चाच. त्यात दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि त्यांची तेरा वर्षांची लेक कमला मोहिनी झाली. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झाल्या होत्या आणि लेकीला घेऊन नाटक कंपनीत आल्या होत्या. त्या काळात एकट्या बाईला पोटापाण्याच्या वाटा किती थोड्या होत्या हे लक्षात घेतलं, तर हा निर्णय किती धीराचा होता ते कळतं.

कमलाबाईंचं लग्न रघुनाथराव गोखल्यांशी झालं. तरुणपणीच वैधव्य आलं आणि तीन मुलांना त्यांनी रंगभूमीवर काम करून वाढवलं. चंद्रकांत गोखले त्यांचे चिरंजीव, विक्रम गोखले नातू. मराठी माणसाला नातू ठाऊक असतो, मुलगा ठाऊक असतो. आजीपाशी येईपर्यंत ओळख पुसट होते. कमलाबाई १९९८ पर्यंत होत्या. रीना मोहन यांनी नव्वदीच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांच्यावर माहितीपट केला, म्हणून निदान त्यांचा आवाज आणि त्यांची बोलण्याची ढब आपल्यापाशी राहिली.

‘पहिली कोण’ या चढाओढीत फार अडकू नये असं मला वाटतं. पहिलीचं नाव पाठ झालं की दुसरी, तिसरी, दहावी कुणी विचारत नाही.

कोल्हापूर आम्हाला जवळचं. तिथं कोण होत्या?

निपाणीतून कोगनोळीचा नाका ओलांडला की कागल, आणि कागल म्हटलं की मला आधी तानीबाई कागलकर आठवतात. तानीबाई गायिका होत्या, उस्ताद अल्लादिया खाँसाहेबांच्या शिष्या. बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, तेव्हा भांडवलासाठी पैसे देणाऱ्यांत त्या होत्या. पेंटरांचा कॅमेरा, त्यांची भित्तिपत्रकं, त्यांच्या तालमीत तयार झालेले शांताराम, दामले, फत्तेलाल या सगळ्यांवर भरभरून लिहिलं गेलं आहे. त्या कंपनीच्या पायात एका गाणाऱ्या बाईची कमाई आहे, ही गोष्ट मात्र एखाद्या ओळीत उरकली जाते. चित्रपटासाठी पैसा उभा करणाऱ्या पुरुषाला आपण निर्माता म्हणतो. तानीबाईंच्या वाट्याला ‘मदत केली’ एवढेच शब्द आले.

पेंटरांचा ‘सैरंध्री’ १९२० सालचा. त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. गुलाबबाई आणि अनसूयाबाई, पडद्यावरच्या नावांनी कमलादेवी आणि सुशीलादेवी. सिनेमात काम केलं म्हणून त्यांच्या समाजानं त्यांना वाळीत टाकलं आणि त्यांना कंपनीच्या आवारातच राहावं लागलं. ‘सैरंध्री’ची वाहवा झाली, पेंटरांना मान मिळाला. किंमत मोजली ती या दोघींनी.

शोध घेणाऱ्यांनी इथं एक खबरदारी घ्यावी. गुलाबबाईंची कमलादेवी वेगळी आणि फाळक्यांची कमलाबाई वेगळी. जुन्या जाहिरातींत नुसतं ‘कमला’ दिसलं की लगेच निष्कर्ष काढू नका.

पहिला कन्नड बोलपट कोल्हापुरात तयार झाला, हे खरं का?

खरं आहे. ‘सती सुलोचना’ १९३४ च्या मार्चमध्ये बेंगळुरात प्रदर्शित झाला, पण त्याचं चित्रीकरण कोल्हापूरच्या छत्रपती स्टुडिओत झालं होतं. नायिका होत्या त्रिपुरांबा; लक्ष्मीबाई मंदोदरी झाल्या होत्या. कानडी कलावंतांचा अख्खा मेळा कोल्हापुरात मुक्कामाला होता. मराठी पुस्तकांत या दोघींची नावं सहसा आढळत नाहीत, कारण चित्रपट कन्नड. त्या मात्र आपल्या पंचगंगेच्या काठावर कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. कोल्हापूरच्या चित्रपट इतिहासात त्रिपुरांबांना जागा असायला हवी, असं माझं ठाम मत आहे.

आपल्या भागाशी थेट नातं असलेल्या कोण कोण?

नावं बरीच आहेत. काही अगदी आरंभीच्या काळातली, काही बोलपटाच्या पहिल्या पिढीतली.

अमीरबाई कर्नाटकी आणि त्यांची बहीण गोहरबाई बिळगीच्या. बिळगी तेव्हा विजापूर जिल्ह्यात होतं, आता बागलकोट जिल्ह्यात येतं. अमीरबाई १९३४ च्या सुमारास चित्रपटात आल्या. नटी म्हणून सुरुवात, पण नाव झालं गाण्यानं; १९४३ च्या ‘किस्मत’नं त्यांचा आवाज देशभर पोचवला. १९४८ च्या ‘शहनाज’ला त्यांनी संगीतही दिलं. त्या काळातल्या संगीत दिग्दर्शिका मोजायला बसलो तर एका हाताची बोटं पुष्कळ होतील, म्हणून ही नोंद मोठी आहे. गोहरबाईंचं नाव मराठी नाट्यविश्वात बालगंधर्वांच्या संदर्भातच निघतं, आणि बहुतेक वेळा कडवटपणानं. १९३८ पासून त्या बालगंधर्वांच्या गंधर्व नाटक मंडळीत गात होत्या. त्यांच्या ध्वनिमुद्रिका आहेत. आधी त्या ऐकाव्यात, मग मत बनवावं.

लीला चिटणीस धारवाडच्या. शिकलेल्या, पदवीधर. १९४१ मध्ये लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेल्या पहिल्या भारतीय नटी म्हणून त्यांचा उल्लेख होतो, पुढं हिंदी चित्रपटातली सोशिक आई म्हणूनही. त्यांनी १९५५ मध्ये ‘आज की बात’ दिग्दर्शित केला होता, हे फारसं कुणी सांगत नाही.

शांता आपटे दुधनीच्या. दुधनी सोलापूर जिल्ह्यात, पण कर्नाटकाच्या अगदी वेशीवर. ‘कुंकू’मधली नीरा सगळ्यांना आठवते. मला त्याहून मोठी वाटते ती १९३९ ची गोष्ट. करारावरून वाद झाला तेव्हा प्रभात फिल्म कंपनीच्या फाटकासमोर त्या उपोषणाला बसल्या. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहिलं आणि या धंद्यात पैसा कसा फिरतो, राबणाऱ्याला काय मिळतं, हे उघड मांडलं. नटीनं चित्रपटधंद्याची अशी चिकित्सा करावी, तीही मराठीत, १९४० साली! हे पुस्तक सीमाभागातल्या प्रत्येक वाचनालयात असावं.

आणि सुलोचनादीदी. चिकोडीजवळच्या खडकलाटच्या, जन्म १९२८ चा. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांकडे त्या घडल्या. आरंभकाळातल्या म्हणता येणार नाहीत, पण आपल्या जिल्ह्यातून निघून कोल्हापूरमार्गे पडद्यावर पोचण्याची वाट कशी होती, हे समजायला त्यांचंच उदाहरण घ्यावं लागतं. २०२३ मध्ये त्या गेल्या.

पहिली दिग्दर्शिका कोण?

भारतात फातमा बेगम. १९२६ मध्ये त्यांनी स्वतःची कंपनी काढली आणि ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. ‘आलम आरा’ची नायिका जुबेदा ही त्यांचीच मुलगी. ‘बुलबुल-ए-परिस्तान’ आज उपलब्ध नाही.

जगाचं विचाराल तर फ्रान्सच्या अलिस गी. गोमाँ कंपनीत चिटणीस म्हणून लागल्या आणि १८९६ पासून चित्रपट करू लागल्या. अमेरिकेत १९१० मध्ये त्यांनी स्वतःचा स्टुडिओ उभारला. त्यांचंही श्रेय वर्षानुवर्षं पुरुष सहकाऱ्यांच्या नावावर जमा होत राहिलं.

या सगळ्या विसरल्या का गेल्या?

याला एकच कारण नाही. चित्रपटच उरले नाहीत, हे सर्वांत ढोबळ कारण. भारतात १३०० च्या आसपास मूकपट निघाले. त्यांतले पूर्ण किंवा तुकड्यांत मिळून जेमतेम तीसेक शिल्लक आहेत. त्या काळची फिल्म नायट्रेट या चटकन पेट घेणाऱ्या पदार्थाची असे; ती पेटायची, सडायची, आणि जुनी झाली की चांदी काढायला भंगारात जायची. २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फिल्मच्या गोदामाला आग लागली, त्यात आणखी बरंच गेलं.

दुसरं कारण बोलायला अवघड आहे, आणि मला तेच मुख्य वाटतं. आरंभी चित्रपटात आलेल्या बऱ्याच स्त्रिया कलावंत घराण्यांतल्या होत्या: गाणाऱ्या, नाचणाऱ्या, देवाला वाहिलेल्या. आपल्या सीमाभागाला हे नवं नाही. सौंदत्तीच्या यल्लम्माचा डोंगर आपल्याच जिल्ह्यात आहे. अशा घरांतून पुढची पिढी शिकली, नोकरीला लागली, आडनाव बदललं, गाव बदललं. आजीबद्दल न बोलणं ही त्या घरांची गरज होती. समाजानं मान दिला असता तर कुणी फोटो ट्रंकेच्या तळाशी ठेवले नसते. दोष घरच्यांना देऊ नये.

तिसरं कारण खास आपल्याकडचं. १९५६ च्या १ नोव्हेंबरपर्यंत बेळगाव, विजापूर, धारवाड हे जिल्हे मुंबई राज्यात होते. नाटक कंपन्या, गायिका, तंबूतला सिनेमा, सगळं कोल्हापूर-मिरज-बेळगाव-धारवाड असं एका दमात फिरायचं. नाटककार अण्णासाहेब किर्लोस्करांचं जन्मगाव गुर्लहोसूर बेळगाव जिल्ह्यातच. राज्यं वेगळी झाली तसे इतिहासही वेगळे लिहिले गेले. मराठी इतिहास कागलपाशी थांबला आणि कन्नड इतिहास म्हैसूर-बेंगळुरूकडून सुरू झाला. मधल्या पट्ट्यातली बाई दोन्हींकडून निसटली.

अमीरबाई मराठी की कन्नड?

जन्म कन्नड मुलखातला, गाणी हिंदी, मराठी, गुजराती, कन्नड. त्यांनी स्वतःपुढे लावलेलं नाव ‘कर्नाटकी’. ते तसंच घ्यावं आणि पुढं जावं.

यांचं काम आज पाहता येईल का?

थोडं. फाळक्यांच्या १९१९ च्या ‘कालिया मर्दन’चा बराच भाग शिल्लक आहे. त्यात बाळकृष्ण झाली ती फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी. आरंभीच एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणत ती कॅमेऱ्याकडे पाहते. हा तुकडा जरूर बघा. सहा-सात वर्षांची पोर, पण कुठं बिचकलेली नाही. दुर्गा खोट्यांचा ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) आणि शांता आपट्यांचा ‘कुंकू’ (१९३७) पाहायला मिळतात. मूळ साहित्यासाठी पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय गाठावं. १९६४ पासून ते हे काम करतं.

घरी जुनं रीळ सापडलं. काय करू?

आधी चूल, उदबत्ती, बिडी, सगळं लांब. पेटतं का बघू म्हणून तुकडा जाळून पाहायचा मोह अजिबात नको. नायट्रेट पेटलं तर पाणी मारून विझत नाही; जळताना लागणारा प्राणवायू ते स्वतःच पुरवतं.

मग फिल्मची कड उजेडात धरून बघा. काही फिल्मवर इंग्रजीत ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ असं छापलेलं असतं. काहीच छापलेलं नसेल आणि रीळ १९५० च्या आधीचं वाटत असेल, तर नायट्रेट समजूनच वागा. फिल्म चिकट झाली असेल, थर एकमेकांना धरून बसले असतील किंवा डब्यात तपकिरी भुकटी असेल, तर उलगडायला जाऊ नका. शिरक्यासारखा आंबट वास आला तर ती नंतरच्या काळातली ॲसिटेट फिल्म. तिला आगीचा तेवढा धोका नाही, पण तीही सडू लागलेली असते. डबा प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधू नये. माळ्यावर पत्र्याखाली तापतो, तिथून काढून घरातल्या थंड, कोरड्या, हवेशीर कोपऱ्यात ठेवा. डब्यावरची चिठ्ठी, अक्षरं, शिक्के यांचे फोटो काढा आणि संग्रहालयाला कळवा. नायट्रेट असेल तर एसटीनं किंवा कुरिअरनं परस्पर पाठवू नका. ते कसं आणायचं हे त्यांनाच ठरवू द्या.

आमच्या घरात म्हणतात, पणजी नाटक-सिनेमात होती. शोध कुठून घ्यावा?

घरातूनच. पण पहिला प्रश्न ‘ती सिनेमात होती का?’ हा नको. त्या प्रश्नावर दारं बंद होतात. ‘आजी गायची कुठली गाणी?’, ‘कुठल्या कुठल्या गावाला जायची?’, ‘परत यायची तेव्हा काय आणायची?’ असं विचारा. एखादी मावशी किंवा अक्का गाण्याची ओळ म्हणून दाखवते, आणि त्या ओळीवरून नाटक सापडतं, नाटकावरून कंपनी.

कंपनी कळली की हँडबिलं आणि जाहिराती शोधा. बेळगावचा ‘तरुण भारत’ १९१९ पासूनचा आहे. जुने अंक चाळायला वेळ लागतो, पण नाटक-सिनेमाच्या जाहिराती चौकटीत असतात, डोळ्यांना लवकर सापडतात. बेळगावच्या सार्वजनिक वाचनालयासारख्या जुन्या ग्रंथसंग्रहांत त्या काळची नाटकांची पुस्तकं मिळतात. काहींत प्रयोगाच्या वेळच्या पात्रांची नावंही असतात. १९२७-२८ ची सरकारी चित्रपट चौकशी समिती होती, तिच्या साक्षींचे खंड छापलेले आहेत. त्यातून धंद्याचं चित्र चांगलं कळतं.

नाव एकच धरून बसू नका. माहेरचं, सासरचं, गावावरून पडलेलं आणि पडद्यावरचं, अशी चार नावं एकाच बाईची असू शकतात. कन्नड येत असेल तर तीच नावं कन्नड लिपीतही शोधा. हा फायदा पुण्या-मुंबईच्या अभ्यासकाला नाही, आपल्याला आहे. दोन्ही भाषा कानावर असलेली माणसं इथं घराघरात आहेत, आणि या स्त्रियांचा माग दोन्ही भाषा येणाऱ्यालाच लागणार आहे.

घरच्यांना ते छापून यायला नको असेल तर?

तर छापू नये. टिपण करून ठेवा, तारीख घाला, त्यांच्याजवळच एक प्रत ठेवा. नातवाला नको असलेली गोष्ट पणतीला हवी असते, असं पुष्कळदा होतं. घराण्याचा, जातीचा उल्लेख करायचा की नाही, हे ठरवण्याचा हक्क त्या घराचा. कामाची नोंद मात्र जाऊ देऊ नये: कुठल्या कंपनीत, कुठल्या साली, कुठली भूमिका.

शाळेत किंवा गावच्या संमेलनात कार्यक्रम करायचा आहे. काय करावं?

भाषण कमी, दाखवणं जास्त. ‘कालिया मर्दन’चा तुकडा पाच-सात मिनिटांत होतो. मग अमीरबाई आणि गोहरबाई यांचं एकेक गाणं. चित्रपटावरचा निर्मात्याचा हक्क प्रदर्शनानंतर साठ वर्षांनी संपतो, त्यामुळे मूकपटांचा तुकडा दाखवायला कायद्याची अडचण नाही. मुलांना सरस्वतीबाईंचं काम समजावून द्यायचं असेल तर कागदाची लांब पट्टी घ्या, डोळ्यांवर रुमाल बांधा आणि दोन्ही कडांना सारख्या अंतरावर छिद्रं पाडायला सांगा. एक फूट पट्टी पुरे.

जमलं तर कन्नड शाळेलाही बोलवा. त्रिपुरांबांबद्दल आपल्याला माहीत नसलेलं त्यांच्यातल्या कुणाला तरी माहीत असेल.